वाईटपणा कोण घेणार?

२७ जानेवारी १९८६ च्या रात्री अमेरिकेत तीन ठिकाणी बसलेले चौतीस जण टेलिफोनवर एकत्र आले. युटामधली मॉर्टन थायोकोल ही कंपनी 'चॅलेंजर' यानाला उचलणारे घन इंधनाचे बूस्टर बनवत असे. अलाबामातल्या हंट्सव्हिलचे मार्शल केंद्र हे नासाचे त्या बूस्टरवर देखरेख ठेवणारे कार्यालय. तिसरे ठिकाण फ्लोरिडातले केनेडी अंतराळ केंद्र, जिथे दुसऱ्या दिवशी सकाळी उड्डाण व्हायचे होते. फ्लोरिडात त्या रात्री पारा गोठणबिंदूच्या खाली जाणार होता आणि प्रश्न एकच होता: इतक्या थंडीत उडायचे का?

बूस्टर तुकड्यातुकड्यांनी जोडलेला असतो आणि प्रत्येक जोडात रबराच्या दोन गोल कड्या बसवलेल्या असतात. आतला तप्त वायू बाहेर पडू न देणे एवढेच त्यांचे काम. थंडीत रबर कडक होते, दाब आल्यावर पटकन पसरून फट बुजवत नाही. रॉजर बोइस्जोली आणि आर्नी थॉम्पसन हे थायोकोलचे अभियंते वर्षभर हेच सांगत होते. जानेवारी १९८५ मध्ये एक उड्डाण ५३ अंश फॅरनहाइटला, म्हणजे साधारण १२ अंश सेल्सिअसला झाले होते. त्या बूस्टरचे जोड उघडल्यावर दोन कड्यांच्या मध्ये काळीकुट्ट काजळी सापडली होती. म्हणून त्या रात्री कंपनीने नासाला लेखी शिफारस दिली की ५३ अंशांच्या खाली उड्डाण नको. अभियांत्रिकी विभागाचे उपाध्यक्ष रॉबर्ट लुंड यांनीच ती मांडली.

नासाच्या बाजूला हे रुचले नाही. मार्शल केंद्राचे बूस्टर प्रकल्पप्रमुख लॅरी मुलॉय यांनी, मग काय एप्रिलमध्ये उडवायचे का, अशा अर्थाचा सवाल केला. त्यांचेच सहकारी जॉर्ज हार्डी म्हणाले की शिफारस ऐकून धक्का बसला, तरी कंत्राटदाराच्या सल्ल्याविरुद्ध आम्ही जाणार नाही. मुलॉय यांचा मुद्दाही अगदीच पोकळ नव्हता. ७५ अंशांच्या उबदार दिवशी झालेल्या एका उड्डाणातही वायू पहिल्या कडीपलीकडे निसटला होता. मग दोष थंडीचाच कशावरून? युटातल्या मंडळींनी पाच मिनिटे मागितली आणि फोन बंद करून आपसात चर्चा सुरू केली. त्या पाच मिनिटांचा अर्धा तास झाला.

त्या अर्ध्या तासात काय घडले, हे पुढे चौकशीसाठी नेमलेल्या रॉजर्स आयोगासमोरच्या साक्षींतून बाहेर आले. वरिष्ठ अधिकारी जेराल्ड मेसन यांनी आता व्यवस्थापनाला निर्णय घ्यावा लागेल असे म्हणताच दोन्ही अभियंते पुन्हा उभे राहिले. थॉम्पसन टेबलापाशी गेले, अधिकाऱ्यांसमोर वही ठेवून जोडाची आकृती काढून दाखवू लागले. समोरचे चेहरे पाहून त्यांच्या लक्षात आले की कोणी ऐकत नाही, तेव्हा ते जागेवर जाऊन बसले. मग बोइस्जोलींनी काजळीची छायाचित्रे पुढे सरकवली. तीही कोणी हातात घेतली नाहीत. अखेर मेसन लुंड यांच्याकडे वळले आणि म्हणाले, अभियंत्याची टोपी काढा, व्यवस्थापकाची घाला. चार वरिष्ठांनी आपापले मत दिले, चारही उड्डाणाच्या बाजूने. अभियंत्यांचे मत विचारलेच गेले नाही.

फोन पुन्हा जोडला गेला. थायोकोलचे अधिकारी जो किल्मिन्स्टर यांनी कंपनीचा नवा निष्कर्ष वाचून दाखवला: हरकत नाही. मार्शलच्या बाजूने एक प्रश्न आला, यावर कोणाला काही म्हणायचे आहे का? तिन्ही ठिकाणी शांतता. थायोकोलचे केनेडी केंद्रावरचे प्रतिनिधी ॲलन मॅकडोनल्ड यांनी मंजुरीपत्रावर सही करायला नकार दिला होता, ती सही किल्मिन्स्टर यांनी केली आणि कागद फॅक्सने आला. दुसऱ्या दिवशी उड्डाणानंतर ७३ सेकंदांनी यान आकाशात फुटले. शिक्षिका क्रिस्टा मॅकऑलिफ यांच्यासह सात जण गेले. वायू निसटला होता तो उजव्या बूस्टरच्या जोडातून.

ही हकिकत सांगताना खलनायक शोधायचा मोह होतो, आणि मुलॉय किंवा मेसन त्या जागी बरोबर बसतातही. पण समाजशास्त्रज्ञ डायान वॉन यांनी त्या निर्णयाची कागदपत्रे अनेक वर्षे चाळून १९९६ मध्ये जे पुस्तक लिहिले, त्याचा निष्कर्ष जास्त अस्वस्थ करणारा आहे. नियम कोणी फारसे मोडलेच नव्हते. आधीच्या काही उड्डाणांत कड्या थोड्या जळल्या होत्या, तरी याने सुखरूप परत आली होती. दर वेळी तेवढे जळणे 'चालण्यासारखे' ठरत गेले आणि दर वेळी ते कुठल्या ना कुठल्या बैठकीत रीतसर मंजूर झाले. म्हणजे त्या रात्रीची चूक त्या रात्रीच सुरू झाली नव्हती.

त्या बैठकीची घडण पाहिली की तीन-चार गोष्टी स्पष्ट दिसतात, आणि त्यांतली एकही अंतराळविज्ञानाची नाही.

पहिली गोष्ट, सिद्ध करण्याचे ओझे कोणाच्या खांद्यावर आहे. एरवी उड्डाणाआधीच्या बैठकांत कंत्राटदाराने यान सुरक्षित आहे हे पटवून द्यायचे असते. त्या रात्री ते ओझे गुपचूप दुसऱ्या खांद्यावर गेले. धोका आहे असे म्हणणाऱ्यांनी तो पुराव्यानिशी दाखवावा, नाही तर उड्डाण ठरलेलेच. हा बदल कोणी जाहीर केला नाही, कोणी त्यावर मत मागितले नाही. उड्डाण आधीच काही वेळा पुढे ढकलले गेले होते, वेळापत्रक तुंबले होते आणि ग्राहक, म्हणजे नासा, नाराज होता. एवढ्यावर तराजू आपोआप झुकला. ठरलेल्या गोष्टीला 'होय' म्हणायला कारण लागत नाही. 'नाही' म्हणणाऱ्याने मात्र कारणांची चळत आणायची असते. कोणत्याही बैठकीत हे ओझे कोणाकडे आहे ते आधी पाहावे. निकाल बहुधा तिथेच लागलेला असतो.

दुसरी गोष्ट त्याहून चमत्कारिक आहे. लागणारी माहिती घरातच होती. रॉजर्स आयोगाने नंतर सगळी उड्डाणे तापमानाप्रमाणे मांडून पाहिली. ६६ किंवा त्याहून अधिक अंशांना झालेल्या वीस उड्डाणांपैकी फक्त तीनमध्ये कड्यांना उष्णतेचा त्रास दिसला होता. ६३ किंवा त्याहून कमी अंशांना झालेल्या चारही उड्डाणांत तो दिसला होता. हे एक कोष्टक त्या रात्री समोर असते तर मुलॉय यांच्या ७५ अंशांच्या उदाहरणाला उत्तर मिळाले असते. पण चर्चा चालली ती त्रास झालेल्या उड्डाणांवर. ज्यांत काहीच बिघडले नाही त्यांचा तापमानाशी संबंध लावून पाहावा हे चौतीस जणांपैकी एकालाही सुचले नाही, कारण बिनतक्रार उड्डाणांविषयी बोलायला बैठक बोलावलेली नसते.

गॅरोल्ड स्टॅसर आणि विल्यम टायटस या मानसशास्त्रज्ञांनी नेमकी हीच खोड आदल्याच वर्षी, १९८५ मध्ये, प्रयोगात दाखवली होती. चार-चार विद्यार्थ्यांच्या गटांना एका पदासाठी उमेदवार निवडायला सांगितले. एक उमेदवार सगळी माहिती एकत्र केली तर सरस ठरणारा होता. पण त्याचे गुण चौघांत वाटून दिले होते, प्रत्येकाला थोडेच माहीत. अपेक्षा अशी की चर्चेत तुकडे जुळतील. बहुतेक गटांत ते जुळले नाहीत. गट बोलत राहिले ते सगळ्यांना आधीच ठाऊक असलेल्या गोष्टींबद्दल. जे चौघांनाही माहीत आहे ते कोणीही बोलले की तीन माना डोलतात, बोलणाऱ्याला बरे वाटते. एकट्याला माहीत असलेली गोष्ट बोलली की तीन चेहरे कोरे राहतात. माणूस ती पुन्हा काढत नाही. चार डोकी एकत्र बसवली म्हणजे चार डोक्यांतले ज्ञान एकत्र आले, ही आपली समजूत अशी फसवी आहे.

तिसरी गोष्ट शांततेची. सॉलोमन ॲश यांचे १९५० च्या दशकातले प्रयोग आता पाठ्यपुस्तकांत आहेत आणि बहुतेक वेळा अर्धेच सांगितले जातात. एका कार्डावर एक रेघ, दुसऱ्यावर तीन. पहिलीएवढी लांब कोणती ते मोठ्याने सांगायचे. लहान मूलही चुकणार नाही इतके सोपे. पण खोलीतले एक सोडून बाकी सगळे ॲश यांचे शिकवलेले लोक, ते ठरवून एकच चुकीचे उत्तर देत. अशा फेऱ्यांत खऱ्या सहभागींची एक तृतीयांशाहून अधिक उत्तरे गटामागे गेली. इतके आपण ऐकलेले असते. कमी ऐकलेला भाग असा की चौघांतला एक जण साधारणपणे एकदाही बधला नाही. खोलीत खरे उत्तर देणारा आणखी एकच माणूस ठेवला की री ओढण्याचे प्रमाण जवळजवळ पाव झाले. आणि उत्तर मोठ्याने न सांगता कागदावर लिहायला दिले तेव्हाही ते खूप घसरले. लोकांचे डोळे ठीक होते. अडचण तोंड उघडण्याची होती. जगाला नंदीबैल म्हणून मोकळे होणाऱ्यांनी हा उरलेला अर्धा भाग जरूर वाचावा, कारण उपाय त्यातच आहे.

थायोकोलच्या खोलीतही मनात शंका असलेले बरेच होते. प्रत्येकाने दुसऱ्याच्या गप्प बसण्याचा अर्थ संमती असा लावला आणि स्वतःच्या गप्प बसण्याचा अर्थ सभ्यता असा. आपल्याकडे 'मौनं सम्मतिलक्षणम्' हे वचन लग्न जुळवण्यापासून ठराव मंजुरीपर्यंत सर्वत्र वापरले जाते. युटामध्ये संस्कृत कोणाला येत नव्हते, तरी व्यवहार तोच झाला.

गप्प बसणे हे भित्रेपणाचेच असते असेही नाही, पुष्कळदा ते निष्ठेचे असते. एप्रिल १९६१ मध्ये अमेरिकेने सुमारे चौदाशे क्युबन निर्वासितांची फौज क्युबाच्या 'बे ऑफ पिग्ज' या किनाऱ्यावर उतरवली. कॅस्ट्रोंचे सरकार उलथून टाकायचा बेत होता. तीन दिवसांत सारा खेळ आटोपला आणि अकराशेहून अधिक लोक पकडले गेले. बेत फसलाच तर फौजेने एस्कांब्रे डोंगरात शिरून गनिमी युद्ध चालवावे असे गृहीत धरले होते. उतरण्याची मूळ जागा बदलल्यावर तो डोंगर आणि हा किनारा यांच्यामध्ये सुमारे ऐंशी मैलांची दलदल आली, हे नकाशा उघडला असता तर कळले असते. अध्यक्ष केनेडींभोवती त्या वेळी अमेरिकेतली अतिशय हुशार समजली जाणारी माणसे होती. इतिहासकार आर्थर श्लेसिंजर यांनी लेखी टिपणात विरोध नोंदवला होता. पण मंत्रिमंडळाच्या खोलीत ते जवळपास गप्पच राहिले, आणि त्याची चुटपुट त्यांनी पुढे स्वतःच लिहून ठेवली. एका समारंभात अध्यक्षांचे बंधू रॉबर्ट केनेडी यांनी त्यांना बाजूला घेऊन सांगितले होते की अध्यक्षांचा निर्णय झाला आहे, आता सगळ्यांनी त्यांना साथ द्यायची. सिनेटर विल्यम फुलब्राइट यांनी भर बैठकीत हा बेत चुकीचा असल्याचे सुनावले, पण ते बाहेरचे पाहुणे. घरच्या मंडळींपैकी त्यांची बाजू कोणी उचलून धरली नाही.

याच घटनेवरून मानसशास्त्रज्ञ अर्विंग जेनिस यांनी १९७२ मध्ये 'ग्रुपथिंक' ही कल्पना मांडली. जवळीक असलेल्या, आपल्या शहाणपणाची खात्री असलेल्या गटाला एकोपा टिकवण्याची इतकी ओढ लागते की पर्याय तपासण्याचे कामच मागे पडते. ही संज्ञा आता इतकी सैल वापरली जाते की फसलेल्या कोणत्याही निर्णयावर ती चिकटवता येते. थोडा संशय इथे हवा. पुढच्या काळातल्या प्रयोगांनी जेनिस यांची प्रत्येक पायरी उचलून धरलेली नाही, आणि एकजीव गट उत्तम निर्णय घेतात अशीही कितीतरी उदाहरणे आहेत. फक्त यश मिळाले की आपण बैठकीचे इतिवृत्त मागवत नाही. एकोपा हा दोष नव्हेच. दोष तेव्हा शिरतो, जेव्हा मतभेद म्हणजे एकोप्याशी बेइमानी असे मानले जाऊ लागते.

चर्चा माणसांना मध्यावर आणते, टोके बोथट होतात, हा समजही तपासून घ्यावा असा आहे. सर्ज मोस्कोव्हिसी आणि मारिसा झावालोनी यांनी १९६९ मध्ये फ्रेंच विद्यार्थ्यांच्या गटांना अध्यक्ष द गॉल यांच्याबद्दल आणि अमेरिकनांबद्दल चर्चा करायला लावली. द गॉल यांच्याविषयी आधीच बरे मत होते, चर्चेनंतर ते आणखी चांगले झाले. अमेरिकनांविषयी नाराजी होती, ती आणखी वाढली. गट आधी ज्या बाजूला कललेला असतो, त्याच बाजूला बोलून बोलून आणखी सरकतो. एखाद्या गावकीत किंवा भावकीत कोणावर बहिष्कार घालायची भाषा सुरू होते तेव्हा पहिल्या तासाला जे कोणाच्या मनातही नसते ते तिसऱ्या तासाला ठरते, याचे नवल वाटायला नको.

मग गर्दीचे शहाणपण म्हणतात ते खोटे का? तसे नाही. १९०७ मध्ये फ्रान्सिस गाल्टन यांनी इंग्लंडमधल्या प्लिमथच्या जत्रेतली एक स्पर्धा अभ्यासली. लोकांनी एका बैलाचे मांस किती भरेल याचा अंदाज चिठ्ठीवर लिहून दिला होता. वाचता येण्यासारख्या ७८७ चिठ्ठ्या निघाल्या. त्यांतला मधोमधचा अंदाज १,२०७ पौंड, प्रत्यक्ष वजन १,१९८ पौंड. एक टक्क्याचाही फरक नाही. पण तिथे प्रत्येकाने आपापली चिठ्ठी लिहिली होती, शेजाऱ्याचा आकडा ऐकून नव्हे. हीच मंडळी ओट्यावर बसली असती आणि पहिला आकडा गावच्या पाटलाने सांगितला असता, तर उरलेले ७८६ अंदाज त्याच्या आसपास घोटाळले असते. संख्येत शहाणपण येते ते स्वतंत्रपणे विचार केलेल्या डोक्यांमुळे. सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मतदान टाकतात आणि कोणी कशाला मत दिले ते नावानिशी सगळ्यांना दिसते. तिथे गाल्टनची जत्रा शोधण्यात अर्थ नाही.

'चॅलेंजर'नंतर नासाने धडा घेतला नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. जोड नव्याने घडवला गेला, सुरक्षेची वेगळी कार्यालये उघडली गेली. तरी सतरा वर्षांनी, जानेवारी २००३ मध्ये, 'कोलंबिया'च्या उड्डाणात इंधनटाकीवरच्या फोमचा तुकडा डाव्या पंखावर आदळला. पंखाला काय झाले आहे ते पाहण्यासाठी कक्षेतल्या यानाची छायाचित्रे मिळवावीत असे अभियंत्यांनी एकदा नव्हे, तीनदा सुचवले. ती मागणी पुढे गेली नाही. फोमचे तुकडे पूर्वीही पडत आणि याने परत येत, त्यामुळे ती 'नेहमीची बाब' झाली होती. मोहीम चालवणाऱ्या समितीने रोज भेटायचे असताना सोळा दिवसांत पाचच बैठका घेतल्या. रॉडनी रोचा या अभियंत्याने छायाचित्रे नाकारणे चूक आहे असा सडेतोड ईमेल लिहिला, पण वरिष्ठांची उतरंड डावलायची नाही म्हणून तो पाठवला नाही. १ फेब्रुवारीला परतीच्या वाटेवर यान मोडले. कल्पना चावला यांच्यासह सात जण गेले. चौकशी मंडळाने लिहिले की अभियंत्यांवर धोका आहे हे सिद्ध करण्याची पाळी आली होती. माणसे बदलली होती, बैठकीची घडण तशीच राहिली होती.

आता आपल्याकडे. कोणत्याही सहकारी गृहनिर्माण संस्थेची वार्षिक सर्वसाधारण सभा घ्या. वेळ सकाळी दहाची. गणपूर्तीअभावी सभा अर्ध्या तासासाठी तहकूब होते आणि त्याच जागी, त्याच दहा-बारा टाळक्यांसह पुन्हा सुरू होते. आता गणपूर्ती लागत नाही. सचिव विषय वाचतात. विषय क्रमांक तीन: लेखापरीक्षकांचा अहवाल स्वीकारणे. मागच्या रांगेतून 'मंजूर, मंजूर'. सूचक अमुक, अनुमोदक तमुक, ठराव सर्वानुमते मंजूर. कधी कधी सूचक आणि अनुमोदकांची नावे आधीच इतिवृत्ताच्या वहीत लिहून ठेवलेली असतात, कारण गेली सात वर्षे तीच आहेत. ताळेबंदातल्या एखाद्या आकड्यावर कोणी बोट ठेवले तर अध्यक्ष म्हणतात, आधी कार्यालयात येऊन पाहायचे होते; शेजारचा म्हणतो, अहो, चहा थंड होतोय. इमारतीला रंग काढण्यापर्यंत हे खपते. पुनर्विकासासाठी बिल्डर निवडायचा असतो तेव्हा प्रत्येकाच्या आयुष्यभराची पुंजी पणाला लागलेली असते आणि रीत मात्र तीच राहते. समितीने एका बिल्डरकडे कल दाखवलेला असतो. त्याने बाकीच्यांपेक्षा जास्त चौरस फूट देऊ केलेले असतात. ज्याला त्याच्या अर्धवट पडलेल्या कामाची माहिती असते तो ती पार्किंगमध्ये सांगतो, सभेत नाही. कारण सभेत बोलणे म्हणजे शुभ कामात नाट लावणे, आणि उद्या लिफ्टमध्ये त्याच माणसांबरोबर उभे राहायचे असते. वाईटपणा कोण घेणार? अशा सभांचे चित्रीकरण करायचे बंधन सरकारने घातले आहे आणि ते चांगलेच आहे. मात्र कॅमेऱ्यात बोललेले टिपले जाते. न बोललेले नाही.

पतसंस्था आणि सहकारी बँकांच्या संचालक मंडळांत हेच मोठ्या रकमांनी घडते. कर्जाचे प्रकरण 'आयत्या वेळच्या विषयांत' अध्यक्षांच्या परवानगीने येते, कागद कोणी वाचलेले नसतात, शिफारस मोठ्या माणसाची असते. सगळे 'मम' म्हणतात. बँक अडचणीत आल्यावर यातले निम्मे सांगतात की आम्हाला तेव्हाच शंका आली होती. बहुतेकांचे ते खरेही असते, म्हणून तर हा प्रश्न नुसत्या भ्रष्टाचाराचा म्हणून सोडून देता येत नाही.

गंमत अशी की कायद्याने यावर तोडगा देऊन ठेवला आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ७३ प्रमाणे समितीच्या निर्णयांना सगळे समिती सदस्य संयुक्तपणे आणि वैयक्तिकरीत्या जबाबदार असतात. पण ज्याला ठराव मान्य नाही त्याने आपले विरोधी मत इतिवृत्तात नोंदवले, तर त्या ठरावाची जबाबदारी त्याच्यावर येत नाही. हवे असल्यास सात दिवसांत तो ते निबंधकांनाही लेखी कळवू शकतो. म्हणजे कायदा म्हणतो की गप्प बसलास तर भरशील, बोललास तर सुटशील. ॲश यांच्या प्रयोगशाळेत असे बक्षीस नव्हते. तरीही ज्या इतिवृत्तात विरोधाची एकही नोंद नाही ती संस्था आदर्श समजली जाते आणि अध्यक्ष भाषणात अभिमानाने सांगतात की आमच्याकडे आजवर मतदानाची वेळ आली नाही.

लोकांना धीट व्हा असे सांगून फारसे काही होत नाही. बोइस्जोली भित्रे नव्हते. बदलायची असते ती रीत, आणि ती बदलता येते. 'बे ऑफ पिग्ज'नंतर दीड वर्षाने क्युबात सोव्हिएत क्षेपणास्त्रे सापडली तेव्हा केनेडींच्या भोवती बरीचशी तीच माणसे होती. या वेळी ते काही बैठकांतून मुद्दाम बाहेर राहिले, कारण अध्यक्ष समोर असले की बोलणे त्यांच्या चेहऱ्याकडे पाहून होते. पदांची उतरंड बाजूला ठेवली गेली, छोटे गट करून प्रत्येकाला दुसऱ्याचा बेत तपासायला दिला गेला. पहिल्या दिवशी हवाई हल्ल्याकडे झुकलेली चर्चा काही दिवसांत नाकेबंदीवर आली. आपल्या लष्कराच्या कोर्ट मार्शलमध्ये मते घ्यायची सुरुवात हुद्द्याने सर्वांत कनिष्ठ सदस्यापासून होते. मेजरचे मत ऐकून कॅप्टनने बोलायचे नाही. ज्यूंच्या जुन्या न्यायपरंपरेतही देहदंडाच्या खटल्यात बाजूला बसलेले कनिष्ठ न्यायाधीश आधी बोलत. तिथे आणखी एक विलक्षण वचन आहे: सगळ्याच न्यायाधीशांनी एकमुखाने दोषी ठरवले तर आरोपी सोडून द्यावा. एकही शंका निघाली नसेल तर खटला नीट तपासलाच गेला नाही, असा त्यामागचा एक तर्क सांगितला जातो.

आपल्या सभांत यातले कितीतरी आजपासून करता येईल, पैसा न लावता. चर्चेआधी प्रत्येकाने आपले मत आणि आपल्याला ठाऊक असलेली एक अडचण चिठ्ठीवर लिहून द्यायची. अध्यक्षांनी शेवटी बोलायचे. 'कोणाला काही म्हणायचे आहे का?' हा प्रश्न सोडून 'हे फसले तर कशामुळे फसेल?' असे एकेकाला नाव घेऊन विचारायचे, म्हणजे शंका काढणे हा उद्धटपणा न राहता नेमून दिलेले काम होते. मोठ्या रकमेचा ठराव एका बैठकीत चर्चेला आणि दुसऱ्या बैठकीत मताला टाकायचा. आयत्या वेळच्या विषयांत आर्थिक ठराव घ्यायचाच नाही. एका उपायाबद्दल मात्र फार आशा बाळगू नये: कोणा एकाला ठरवून विरोधाची भूमिका देणे. शार्लन नेमेथ यांच्या अभ्यासात असे दिसले की नाटकी विरोधाने गट फारसा हलत नाही, मनापासून वेगळे वाटणाऱ्या माणसाने हलतो. शिवाय रोज नन्नाचा पाडा वाचणारा ठराविक गृहस्थ प्रत्येक सोसायटीत असतोच, आणि त्याच्यामुळे खऱ्या शंकेचीही किंमत उतरते.

मनापासून वेगळे बोलणाऱ्याला किंमत मोजावी लागते, हे लपवून उपयोग नाही. मॅकडोनल्ड यांनी आयोगासमोर त्या रात्रीची हकिकत उघड केली आणि कंपनीने त्यांना बाजूला टाकले. अमेरिकी संसदेतून दबाव आल्यावर त्यांना परत आणून नव्या जोडाचे काम सोपवले गेले. बोइस्जोली मात्र सहकाऱ्यांचे तुटकपण सोसून कंपनी सोडून गेले. आपल्याकडे एप्रिल १९७६ मध्ये, आणीबाणीत, नागरिकाला न्यायालयाचे दार बंद करता येते असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी दिला. त्या चौघांत पुण्याचे यशवंत चंद्रचूड होते. वेगळे मत एकट्या न्या. हंसराज खन्ना यांचे. पुढच्या जानेवारीत त्यांची ज्येष्ठता डावलून न्या. बेग सरन्यायाधीश झाले आणि खन्नांनी राजीनामा दिला. २०१७ मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने तो जुना निकाल मोडीत काढला. त्या पीठाचे प्रमुख निकालपत्र न्या. धनंजय चंद्रचूड यांचे, म्हणजे यशवंतरावांच्या मुलाचे. खन्नांचे मत हाताशी राहिले, कारण न्यायालयात विरोधी मत निकालाबरोबर छापून ठेवण्याची रीत आहे. तेच मत न्यायमूर्तींच्या दालनात चहा पिताना सांगून सोडले असते तर ४१ वर्षांनी कोणाला काय मिळाले असते?

सहकार खात्याने म्हणूनच एक साधे काम हाती घ्यावे. कलम ७३ खाली विरोधी मताची नोंद किती संस्थांतून, किती वेळा झाली, हे जिल्हा उपनिबंधक कार्यालयांकडून मागवावे आणि दरवर्षी प्रसिद्ध करावे. बुडालेल्या पतसंस्थांच्या चौकशी अहवालातही एक रकाना त्याच्यासाठी ठेवावा: वादग्रस्त कर्ज मंजूर करणाऱ्या बैठकीला संचालक किती हजर होते आणि विरोधाच्या नोंदी किती झाल्या.